यू-५५९: शिडीवरचा शेवटचा माणूस

३० ऑक्टोबर १९४२, पहाटे ५:०० (वर यायला १७ तास ४० मिनिटं बाकी)

नाइलच्या मुखापासून उत्तरेला सुमारे सत्तर मैलांवर, भूमध्य समुद्रात, ब्रिटिश हवाई दलाच्या संडरलँड जातीच्या गस्ती विमानाने एक जर्मन पाणबुडी हेरली आणि ठिकाण कळवलं. सर्वांत जवळ ‘हीरो’ नावाची विनाशिका होती, ती तिकडे वळली. ‘पेटार्ड’, ‘पॅकनहॅम’, ‘डल्व्हर्टन’ आणि ‘हरवर्थ’ या चार विनाशिका पोर्ट सईदहून निघाल्या. तिकडे वाळवंटात एल अलामेनची लढाई पेटलेली होती. तरी एका पाणबुडीमागे पाच विनाशिका लावणं ब्रिटिशांना जड वाटलं नाही.

पाणबुडी होती यू-५५९. कप्तान हान्स हाइड्टमान, आणि आत एकूण ४५ माणसं.

सकाळ

हँबुर्गच्या ब्लोम अँड फॉस गोदीत ती बांधली गेली आणि फेब्रुवारी १९४१मध्ये नौदलात दाखल झाली. जात ‘सात-सी’. जर्मनीने युद्धात सर्वांत जास्त बांधली ती हीच जात, साडेपाचशेहून अधिक. लांबी ६७ मीटर, रुंदी जेमतेम सहा. पुढे चार टॉर्पेडो नळ्या, मागे एक. मधल्या दाबसह पोलादी नळकांड्यात डिझेल इंजिनं, बॅटऱ्या, स्वयंपाकघर आणि माणसं एकमेकांना खेटून. समुद्रावर असताना आत-बाहेर करायची रोजची वाट एकच: मनोऱ्यातली उभी शिडी आणि तिच्या डोक्यावरचं गोल झाकण. ही शिडी लक्षात ठेवा.

अशी पाणबुडी मुळात पाण्याच्या पृष्ठभागावर धावण्यासाठीच बांधलेली असे. वर असताना डिझेलवर ताशी १७ सागरी मैलांहून जास्त वेग. पण डिझेलला हवा लागते, म्हणून बुडी मारली की सगळी भिस्त बॅटरीवर. ताशी चार मैलांच्या संथ चालीने गेलं तर सुमारे ८० मैल, म्हणजे वीस तास. घाईने पळायचं म्हटलं तर बॅटरी पाहता पाहता उतरते, आणि ती पुन्हा भरायला वर यावंच लागतं. श्वासाची हवाही आत असेल तेवढीच.

तिने आजवर काय केलं होतं, तेही सांगायला हवं. २७ नोव्हेंबर १९४१ला टोब्रुकजवळ तिने ‘पॅरामाटा’ ही ऑस्ट्रेलियन युद्धनौका बुडवली. १३८ माणसं गेली. महिन्याभरात, २३ डिसेंबरला, तिच्या टॉर्पेडोने ‘शुनटिएन’ हे मालवाहू जहाज फोडलं. त्या जहाजाच्या पोटात होते शेकडो युद्धकैदी, जर्मन आणि इटालियन. वाचलेल्यांपैकी बहुतेकांना ‘साल्व्हिया’ या ब्रिटिश नौकेने उचलून घेतलं, आणि दुसऱ्या दिवशी दुसऱ्याच एका जर्मन पाणबुडीने ‘साल्व्हिया’ बुडवली. तिच्यावरचं कोणीच उरलं नाही. हे जेव्हा जेव्हा वाचतो तेव्हा पान उलटायला हात धजत नाही.

दुपारी १२:३४ (१० तास ६ मिनिटं बाकी)

वेलस्ली जातीच्या एका विमानाला पाण्यातून सरकणारा पेरिस्कोप दिसला. विमानाने लगेच डेप्थ चार्ज टाकले. विनाशिकांना आता नेमकी जागा मिळाली.

दुपार, संध्याकाळ, रात्र

यानंतरच्या दहा तासांत गोष्ट तीच, पुन्हा पुन्हा. विनाशिकेच्या तळातून ध्वनीची लहर पाण्यात जाते, पोलादावर आपटून परत येते, आणि त्यावरून अंतर व दिशा कळते. मग विनाशिका त्या जागेवरून जाते आणि डेप्थ चार्ज सोडते. हे बाँबचं पिंप ठरवलेल्या खोलीवर पाण्याच्या दाबाने फुटतं. पाणबुडीला थेट लागायची गरजच नसते. पाणी जवळजवळ दाबलं जात नाही, त्यामुळे जवळच्या स्फोटाचा धक्का जोरात कवचावर येतो. एकदा सोसतं, दहादा सोसतं, मग कुठेतरी चीर जाते.

यू-५५९च्या कवचाला ती गेली. चार जण आतच मेले. पाणी भरू लागलं आणि पाणबुडी समतोल राहीना. पहाटेपासून कोंडलेली हवा आणि उतरत चाललेली बॅटरी. हाइड्टमानपुढे आता वर येण्यावाचून दुसरा मार्ग नव्हता.

रात्री १०:४०

ती पृष्ठभागावर आली ती ‘पेटार्ड’च्या इतकी जवळ, की लगेच तोफांचा मारा सुरू झाला. जर्मन खलाशांनी समुद्रात उड्या टाकल्या. शेवटी ४५पैकी ३८ वाचले. पण घाईत दोन गोष्टी राहिल्या. पाणबुडी झटकन बुडावी म्हणून पाणी आत घेणाऱ्या सगळ्या झडपा उघडल्या गेल्या नाहीत. आणि गुप्त पुस्तकं तशीच राहिली. ही पुस्तकं पाण्यात विरघळणाऱ्या शाईने छापलेली असत. भिजली की संपली.

‘पेटार्ड’वरचे लेफ्टनंट टोनी फॅसन, वय २९, आणि खलाशी कॉलिन ग्रेझियर, वय २२, बुडत्या पाणबुडीवर चढून शिडीने खाली उतरले. त्यांच्यापाठोपाठ होडीतून आला टॉमी ब्राउन. हा कॅन्टीनमधला मदतनीस, वय खोटं सांगून भरती झालेला, जेमतेम सोळाचा पोरगा. तिकडे जा म्हणून त्याला कोणी सांगायचं कारणच नव्हतं.

टॉमीने नंतर दिलेल्या जबानीतून आतलं दृश्य कळतं. दिवे गेलेले. फॅसनच्या हातात टॉर्च. मनोऱ्याच्या पुढच्या अंगाला पडलेल्या भोकातून पाणी आत येतंय, आणि शिडी उतरताना ते पाठीवरून ओघळतंय. कप्तानाच्या खोलीत फॅसन मशीनगनने कपाटं फोडतोय. मग दारामागे टांगलेल्या किल्ल्या त्याला दिसतात, एक खण उघडतो, आतली पुस्तकं तो टॉमीच्या हाती देतो. टॉमी ती शिडीपाशी आणतो, वर पोचवतो, पुन्हा उतरतो. तो शेवटच्या खेपेला वर आला तेव्हा आत दोन फूट पाणी होतं.

त्या गठ्ठ्यात काय होतं, हे तिघांपैकी कोणालाच ठाऊक असणं शक्य नव्हतं. त्यात होती हवामानाच्या संदेशांची छोटी संकेतपुस्तिका. १ फेब्रुवारी १९४२पासून अटलांटिकमधल्या जर्मन पाणबुड्या चार चाकांचं एनिग्मा हे संकेतयंत्र वापरत होत्या, आणि तेव्हापासून ब्लेचली पार्कमधल्या ब्रिटिश संकेतफोड्यांना त्यांचे संदेश वाचता येत नव्हते. दहा महिने अंधार. पुस्तिका २४ नोव्हेंबरला तिथे पोचली. तिच्या आधारे कळलं की हवामानाचा संदेश पाठवताना चौथं चाक तटस्थ ठेवतात, म्हणजे यंत्र जुन्या तीन चाकांसारखंच चालतं. १३ डिसेंबरला संकेत फुटला, आणि पाणबुड्या कुठे दबा धरून बसल्या आहेत हे पाहून जहाजांचे काफिले दुसऱ्या वाटेने नेता येऊ लागले.

फॅसन आणि ग्रेझियरला मरणोत्तर जॉर्ज क्रॉस मिळाला, टॉमीला जॉर्ज मेडल. कशासाठी, हे घरच्यांना उघडपणे सांगता येणार नव्हतं. ब्लेचलीचं गुपित १९७४पर्यंत बाहेर आलं नाही. टॉमी तोवर जगलाच नाही. १९४५च्या फेब्रुवारीत घराला आग लागली, तेव्हा बहिणीला वाचवताना तो गेला.

पण त्या रात्री तो मनोऱ्यापाशी उभा होता. डेकवर पाणी चढत होतं. पुस्तकं होडीत सुखरूप पोचली होती, तरी खाली टॉर्चचा उजेड अजून हलत होता. भिंतीवरचं एखादं यंत्रही सोडवून आणावं म्हणून दोघांची खटपट चालली होती. टॉमीने खाली वाकून हाक मारली, वर या. पुन्हा मारली. दोघं शिडी चढायला लागले. तेवढ्यात पाणबुडी झपकन खाली गेली. टॉमीने उडी मारली.