मोटार अपघाती मृत्यू आणि नुकसानभरपाईची गणना : बोरी परिसरातील शेतकरी कुटुंबाच्या संदर्भात ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना :
परभणी जिल्ह्याच्या जिंतूर तालुक्यातील बोरी हे शेतीप्रधान गाव आहे. अशा गावातील कर्ता माणूस रस्ते अपघातात मरण पावल्यास त्याच्या कुटुंबाचे भवितव्य न्यायाधिकरणाच्या एका आकड्यावर अवलंबून राहते. हा आकडा ठरविण्याची पद्धत कशी विकसित झाली व शेतकरी कुटुंबाला तिचा कितपत लाभ झाला, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

कायद्याची वाटचाल :
मृत्यूबद्दल आप्तांना भरपाई मागण्याचा हक्क ब्रिटिश हिंदुस्थानात १८५५ च्या कायद्याने मिळाला. तेव्हा बोरी निजामाच्या राज्यात होते. १ नोव्हेंबर १९५६ रोजी मराठवाडा मुंबई राज्यात समाविष्ट झाला. त्याच वर्षी संसदेने १९३९ च्या मोटार वाहन कायद्यात दुरुस्ती करून दावा न्यायाधिकरणांची तरतूद केली. दाद मागण्याचा मार्ग सुलभ झाला. तथापि रक्कम ठरविण्याचे निश्चित सूत्र कायद्यात नव्हते. १९८८ च्या नव्या कायद्यातही ‘न्याय्य’ भरपाई एवढाच निकष राहिला.

१९९३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सुसम्मा थॉमस प्रकरणात गुणक पद्धतीचा पुरस्कार केला. मृताच्या वार्षिक उत्पन्नातून त्याचा वैयक्तिक खर्च वजा करावयाचा व उरलेल्या रकमेस वयानुसार ठरलेल्या गुणकाने गुणावयाचे, असे तिचे स्वरूप आहे. २००९ च्या सरला वर्मा निकालाने गुणक व वजावटीत एकसूत्रता आणली. मात्र भावी उत्पन्नवाढीचा लाभ मुख्यतः कायम नोकरदारांनाच मिळाला. स्वयंरोजगार करणाऱ्यांना तो २०१७ च्या प्रणय सेठी निकालाने निश्चितपणे लाभला.

उदाहरणार्थ, ३५ वर्षांच्या शेतमजुराचे मासिक उत्पन्न १०,००० रुपये मानल्यास वार्षिक उत्पन्न १,२०,००० होते. त्यात ४० टक्के वाढ धरता १,६८,००० होतात. पत्नी, दोन मुले व आई असे चार अवलंबित असल्यास एक चतुर्थांश वजावट होऊन १,२६,००० उरतात. १६ या गुणकाने अवलंबितांचे नुकसान २०,१६,००० रुपये येते. अंत्यविधी, सहवासाचा लोप इत्यादी रकमा वेगळ्या.

शेतकऱ्याचे उत्पन्न :
गणिताची पहिली पायरी मात्र येथेच डळमळते. नोकरदाराचे वेतनपत्रक असते. शेतकऱ्याचा सातबारा जमीन दाखवितो, उत्पन्न नव्हे. शिवाय २००३ च्या जसबीर कौर निकालात सर्वोच्च न्यायालयाने असे म्हटले की, जमीन वारसांकडेच राहत असल्याने उत्पन्न बुडाल्याचा सर्वसाधारण नियम शेतीस काटेकोरपणे लागू होत नाही. देखरेखीच्या हानीचा विचार करावा लागतो. तर्कदृष्ट्या हे ग्राह्य आहे. परंतु लहान कोरडवाहू शेतात मालक स्वतःच औत हाकतो, फवारणी करतो व रात्री राखण करतो. त्याच्यामागे विधवेस सालगडी ठेवावा लागतो किंवा जमीन बटाईने द्यावी लागते. जमीन उरते, पण तिचे पीक पूर्वीसारखे घरात येत नाही.

स्त्रीच्या श्रमाचे मूल्य :
१९९४ च्या दुसऱ्या अनुसूचीत बिनकमावत्या पत्नीचे उत्पन्न कमावत्या पतीच्या एक तृतीयांश मानले होते. २००१ च्या लता वाधवा प्रकरणात गृहिणीच्या सेवेचे मूल्य मासिक ३,००० रुपये धरले गेले. २०१० च्या अरुणकुमार अग्रवाल निकालाने गृहिणीस अनुत्पादक मानण्याच्या दृष्टीवर टीका केली आणि २०२१ च्या कीर्ती प्रकरणात तिच्या मानीव उत्पन्नातही भावी वाढ मान्य झाली. तरीही खुरपणी व कापूस वेचणी करणारी स्त्री कागदोपत्री ‘गृहिणी’ ठरली, तर तिचे निम्मे श्रम गणनेबाहेर राहतात.

निष्कर्ष :
गेल्या काही दशकांत गुणक, वजावट व भावी वाढ यांविषयीची अनिश्चितता बरीच दूर झाली. १ एप्रिल २०२२ पासून दोष सिद्ध न करताही मृत्यूबद्दल ५ लाख रुपये मिळण्याची तरतूद अमलात आली. ज्या उत्पन्नाला गुणावयाचे ते मात्र अद्याप अंदाजावर राहते. आडत दुकानाची पट्टी, पीककर्जाची नोंद, मजुरीचे हजेरीपत्रक हे कागद घरात जपले गेले व न्यायाधिकरणापुढे मांडले गेले, तरच सूत्रातील समानता बोरीच्या शेतकरी कुटुंबापर्यंत पोहोचू शकेल.