खेळपेटीचा इतिहास आणि वारसा



वसंतातल्या या व्याख्यानांत राज्यकारभार, संतवाङ्मय, शेती, सहकार असे भारदस्त विषय ऐकण्याची आपणांस सवय आहे. त्या पंक्तीत मुलांच्या खेळण्याने येऊन बसावे हे काहींना रुचणार नाही. परंतु खेळ हा विषय आपल्या पूर्वजांनी कधी हलका मानलेला नाही. ऋग्वेदात जुगाऱ्याच्या व्यथेचे एक सबंध सूक्त आहे. आणि महाभारताचे सारे चक्र द्यूतसभेतील फाशांनी फिरले. समाज काय खेळतो, कशाने खेळतो आणि खेळून झाल्यावर त्या साधनांचे काय करतो, या तिन्ही प्रश्नांच्या उत्तरांत त्याचा इतिहास सापडतो. आज मी बोलणार आहे तो तिसऱ्या प्रश्नाविषयी.

निमित्त आहे एका तळहातावर मावणाऱ्या पेटीचे. जपानच्या निन्टेंडो कंपनीने नोव्हेंबर २०१६ मध्ये आपल्या जुन्या दूरचित्रवाणी-खेळयंत्राची एक छोटी प्रतिकृती विक्रीस काढली. तीत ३० खेळ कायमचे भरलेले होते. त्यात भर घालण्याची कोणतीही सोय कंपनीने ठेवलेली नव्हती. पण दोन-तीन महिन्यांतच लोकांनी त्या पेटीत आपल्या आवडीचे आणखी खेळ घालण्याची युक्ती शोधून काढली. ही चोरी की हा वारसा, हा आजचा वादाचा मुद्दा आहे. निवाडा करण्यापूर्वी थोडे मागे जाऊ.

कोल्हापुराहून आंबोलीचा घाट उतरला की सावंतवाडी लागते. तेथील गंजिफा आपणांपैकी अनेकांनी पाहिल्या असतील. बाबराने १५२७ मध्ये सिंधच्या शाह हसनकडे गंजिफा पाठविल्याची नोंद त्याच्या आत्मचरित्रात आहे. मोगली गंजिफेत ८ रंग आणि प्रत्येक रंगाची १२ पाने, अशी एकूण ९६ पाने असत. हा परका खेळ आपल्याकडे आला तेव्हा आपण तो होता तसा ठेवला काय? नाही. आपल्या चिताऱ्यांनी त्यात दशावतार आणले. ८ रंगांचे १० रंग झाले, ९६ पानांची १२० पाने झाली. कोठे नवग्रहांची १०८ पानांची गंजिफा निघाली. मूळ खेळ ज्या कोणा इराणी कारागिराने रचला असेल, त्याची परवानगी कोणी विचारली नाही आणि कोणी त्यास चोरीही म्हटले नाही. खेळ जेथे जातो तेथल्या माणसांच्या हातून वाढतो, हा खेळांच्या इतिहासातला पहिला नियम.

दुसरा नियमही गंजिफाच शिकविते. छापील पत्ते स्वस्त झाले आणि हाती रंगविलेली पाने मागे पडली. सावंतवाडीची ही कला जवळजवळ संपत आली होती. शिवरामराजे व सत्त्वशीलादेवी भोसले यांनी १९७० च्या दशकात तिला पुन्हा उभे केले म्हणून ती आज दिसते. खेळ लोकांच्या हातून वाढतो तसा लोकांच्या हातूनच मरतो. आणि कोणी तरी मुद्दाम जपला तरच तो उरतो.

आता आश्चर्य असे की, ज्या निन्टेंडो कंपनीची गोष्ट आपण पाहात आहोत, तिचा जन्मही पत्त्यांतूनच झाला. १८८९ मध्ये क्योटो शहरात फुसाजिरो यामाउची या गृहस्थाने फुलांच्या चित्रांचे जपानी पत्ते करण्याचा धंदा सुरू केला. त्या धंद्याला पुढे विजेचे पंख फुटले.

दूरचित्रवाणीच्या पडद्यावर खेळण्याचे पहिले घरगुती यंत्र अमेरिकेत १९७२ मध्ये आले. मात्र जे खेळ यंत्रात असत तेवढेच खेळावयाचे, ही प्रारंभीची रीत होती. १९७६ मध्ये फेअरचाइल्ड कंपनीच्या यंत्राने, जेरी लॉसन यांच्या देखरेखीखाली, खेळ यंत्रापासून वेगळा केला. तो एका काढता-घालता येणाऱ्या डबीतील चिपेत साठविला. ही क्रांती होती. ग्रामोफोन एक आणि तबकड्या अनेक, तसे यंत्र एक आणि खेळ अनेक. याच डबीला आपल्याकडे सर्वांनी ‘कॅसेट’ म्हटले. आत फीत नसतानाही तेच नाव रूढ झाले.

निन्टेंडोचे ‘फॅमिकॉम’ यंत्र १५ जुलै १९८३ रोजी जपानात आले. मासायुकी उएमुरा हे त्याचे रचनाकार. त्याची कार्यस्मृती अवघी २ किलोबाइट. ‘सुपर मारिओ’ हा १९८५ चा जगप्रसिद्ध खेळ ४० किलोबाइटांत बसविला होता. आजच्या मोबाइलवरचे एक साधे छायाचित्र त्याच्या कितीतरी पट जागा घेते. एवढ्या अडचणीत एवढी मौज निर्माण करणे हे कारागिराचे काम होय, यात शंका नाही. पण याच कंपनीने अमेरिकेत यंत्र नेताना त्यात एक कुलपाची चिप बसविली. कंपनीची परवानगी नसलेली कॅसेट घातली की यंत्र चालू व्हावयाचे नाही. खेळाच्या पेटीला कुलूप लागले ते असे.

आपल्या देशात हा खेळ पुढच्या दाराने फारसा आलाच नाही. ‘सामुराई’ या नावाने अधिकृत यंत्र काही काळ विकले गेले. परंतु त्या काळचे आयात शुल्क आणि मध्यमवर्गाची मिळकत यांचा मेळ बसणे कठीण होते. घरोघर पोहोचली ती नक्कल केलेली यंत्रे. तैवान-हाँगकाँगकडच्या कारखान्यांनी त्या यंत्राच्या हुबेहूब नकला केल्या आणि १९९० च्या दशकात ‘लिटल मास्टर’, ‘मीडिया’ अशा नावांनी त्या आपल्या दुकानांत आल्या. रशियात याच जातीचे ‘डेंडी’ यंत्र १९९२ च्या अखेरीस निघाले. दूरचित्रवाणी संचाच्या अँटेनाच्या जागी वायर लावावयाची, चॅनेल जुळवावयाचे, कॅसेट खोचावयाची आणि चित्र आले नाही तर कॅसेट काढून तिच्यात फुंकर मारावयाची, हा त्या पिढीचा नित्यविधी होता. वास्तविक फुंकरीतल्या ओलाव्याने आतील तांब्याच्या टोकांचे नुकसानच होते. काम होई ते कॅसेट काढून पुन्हा घातल्यामुळे. पण श्रद्धा फुंकरीवर होती!

कॅसेटवर ‘९९९९ खेळ एकात’ असे छापलेले असे. मुले हौसेने मोजावयास बसत. मग कळे की खेळ पाच-सात आणि बाकी त्यांचीच नावे फिरवून लिहिलेली. फसवणूक खरीच; पण याच फसव्या कॅसेटींनी एका पिढीची आवड घडविली. रणगाड्यांची ‘बॅटल सिटी’, ‘रोड फायटर’, ‘सर्कस चार्ली’, ‘काँट्रा’ आणि बंदुकीने बदके टिपण्याचा ‘डक हंट’ हे आमच्या गल्लीबोळांतले खेळ. भाड्याने कॅसेट आणावी, दोन भावांनी मिळून ‘काँट्रा’ खेळावा आणि एकाचे जीव संपले की दुसऱ्याचे उसने घ्यावेत, हा व्यवहार कोणी शिकविला नव्हता.

आता त्या २०१६ च्या पेटीतील ३० खेळांची यादी पाहा. मारिओ आहे, ‘पॅक-मॅन’ आहे. ‘काँट्रा’चा दुसरा भाग आहे, पण मूळ ‘काँट्रा’ नाही. ‘बॅटल सिटी’ नाही, ‘रोड फायटर’ नाही, ‘सर्कस चार्ली’ नाही, ‘डक हंट’ नाही. ‘डक हंट’चे कारण तरी शास्त्रीय आहे. त्याची बंदूक जुन्या काचेच्या नळीच्या पडद्यावरील प्रकाशाच्या क्षणाक्षणाच्या उजेडावर चाले. आजच्या सपाट पडद्यांवर ती युक्ती चालत नाही. इतरांच्या बाबतीत असा अडथळा नाही. यादी केली गेली ती ज्यांच्याकडे पेटी खपवावयाची त्यांच्या आठवणींप्रमाणे. जपानी पेटीतील ८ खेळ अमेरिकी पेटीहून निराळे ठेवले होते. म्हणजे देशागणिक आठवणी निराळ्या असतात हे कंपनीनेही ओळखले होते. फक्त आमच्या आठवणी मोजल्या गेल्या नाहीत, कारण त्यांच्या हिशेबाच्या वहीत आम्ही कधी गिऱ्हाईक म्हणून नोंदलेच गेलो नव्हतो.

येथे लोकांच्या हातची करामत सुरू होते. पेटी उघडून पाहणाऱ्यांस दिसले की, आत ५१२ मेगाबाइट साठवण आहे, आणि ते ३० खेळ त्यातील अगदी थोडी जागा व्यापतात. शिवाय आत चालते ती ‘लिनक्स’ ही जगभरच्या प्रोग्रॅमकारांनी मिळून उभारलेली मोकळी प्रणाली. बटण दाबून ठेवून पेटी सुरू केली की तिची मुख्य चिप एका विशेष अवस्थेत जाते आणि वीज पुरविणाऱ्या वायरीतूनच संगणकाशी बोलू लागते. २०१७ च्या आरंभी रशियातील एका प्रोग्रॅमकाराने या वाटेने खेळ भरण्याचे ‘हॅकची’ नावाचे साधन करून सर्वांस फुकट दिले. त्याची रीत शहाण्या मिस्त्रीची आहे. आधी पेटीतील मूळ प्रणालीची प्रत संगणकावर सुरक्षित काढून ठेवावयाची, मग बदललेली आत घालावयाची, नंतर खेळ आणि त्याचे मुखपृष्ठ यादीत जोडावयाचे. काही बिघडले तर ठेवलेली मूळ प्रत परत बसते. जुने मोडण्यापूर्वी ते जपून ठेवावे, ही शिस्त आमच्या उद्यमनगरातील जाणत्या कारागिरास नवीन नाही.

यापुढील दोन घटना तर विचार करावयास लावणाऱ्या आहेत. २०१७ च्या सप्टेंबरात निन्टेंडोने दुसरी छोटी पेटी काढली. तिच्या २१ खेळांत ‘स्टार फॉक्स २’ हा खेळ होता. तो १९९० च्या दशकातच तयार होऊनही तेव्हा विक्रीस आला नव्हता. म्हणजे कंपनीनेही जुन्या पेटीत ‘जादा खेळ’ घातलाच. दुसरी घटना सोनी कंपनीच्या २०१८ च्या पेटीची. तिच्यात जुने खेळ नव्या चिपेवर चालविण्यासाठी वापरलेला प्रोग्रॅम हौशी लोकांनी फावल्या वेळात रचून मोकळा ठेवलेला होता. ज्या हौशी मंडळींच्या उद्योगाकडे कंपन्या संशयाने पाहतात, त्यांच्याच श्रमावर एका मोठ्या कंपनीची पेटी उभी राहिली.

आता कायद्याचा प्रश्न. आपला कॉपीराइट कायदा १९५७ चा. संगणक-प्रोग्रॅमची प्रत कायदेशीर रीतीने ज्याच्या ताब्यात आहे, त्याने ती हरवू वा बिघडू नये म्हणून जादा प्रत करून ठेवण्यास कलम ५२ मुभा देते. २०१२ च्या दुरुस्तीने आलेले कलम ६५-अ, हक्कभंगाच्या हेतूने कुलूप फोडणाऱ्यास शिक्षा सांगते. म्हणजे कायद्याची नजर हेतूवर आहे. स्वतः विकत घेतलेल्या कॅसेटमधील खेळ जपून ठेवणारा आणि हजारो खेळ भरलेल्या पेट्या बाजारात मांडून पैसे करणारा, हे दोघे एका मापाने मोजणे न्यायाचे नाही. दुसऱ्याच्या श्रमावर दुकान थाटणाऱ्याची तरफदारी मी करणार नाही. कारागिराला त्याचे दाम मिळालेच पाहिजे.

पण जेथे दाम देऊ म्हटले तरी माल मिळत नाही, तेथे काय करावे? अमेरिकेत २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका पाहणीत असे आढळले की, त्या देशात २०१० पूर्वी निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ आज बाजारात उपलब्धच नाहीत. कंपन्या बुडाल्या, हक्क कोणाकडे आहेत हे कोणास ठाऊक नाही, आणि चिपा तर काळाने निकामी होतातच. अशा खेळांची प्रत कोणा हौशी माणसाने ठेवली नाही, तर ते नाहीसे होणार हे उघड आहे.

हे किती खरे आहे हे कोल्हापूरकरांस वेगळे सांगावयास नको. आनंदराव पेंटर यांनी आरंभिलेले काम पुढे नेऊन बाबूराव पेंटर यांनी याच शहरात देशी कॅमेरा तयार केला. परदेशी यंत्र समजून घेऊन आपल्या हातांनी नवे घडविण्याचा तो पराक्रम होता. त्यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचा ‘सैरंध्री’ १९२० मध्ये आला, ‘सावकारी पाश’ १९२५ मध्ये आला. आज ते चित्रपट आपणांस दाखवावेत असे मी म्हटले तर दाखविता येणार नाहीत, कारण ते उरलेले नाहीत. १९४८ मध्ये गांधीहत्येनंतरच्या जाळपोळीत भालजी पेंढारकरांचा स्टुडिओ जळाला. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ मध्ये. तोवर मूकपटांचे युग संपून तीस वर्षे लोटली होती. पी. के. नायर यांनी गावोगाव हिंडून रिळे गोळा केली म्हणून फाळक्यांचे काही तरी आज दिसते. कॉपीराइटच्या मुदतीचा विचार केला तर ‘सावकारी पाश’ आज सर्वांचा आहे. कायद्याने तो मोकळा झाला. पण मोकळे होण्यासाठी तो शिल्लकच राहिला नाही! हक्क सुरक्षित राहिला आणि वस्तू गेली, याहून मोठा विनोद कोणता?

म्हणून त्या छोट्या पेटीत आणखी चार खेळ घालणाऱ्या तरुणाकडे मी निराळ्या नजरेने पाहतो. तो वेळ घालवितो असे घरचे म्हणत असतील. पण खेळाची प्रत काढणे, ती चालते की नाही हे तपासणे, तिचे नाव, वर्ष आणि मुखपृष्ठ नीट नोंदविणे, आणि मूळ प्रणाली बाजूस जपून ठेवणे, ही सारी कामे संग्रहालयाच्या अधिकाऱ्याची आहेत. ती तो बिनपगारी करतो. त्याने बाजार मांडू नये, आणि जे आजही रीतसर विकत मिळते ते विकतच घ्यावे, एवढी मर्यादा मात्र त्याने पाळली पाहिजे.

शेवटी एकच विनंती. आपल्या माळ्यावर जुन्या टीव्ही गेमचा खोका, पिवळ्या पडलेल्या कॅसेटी असतील तर त्या भंगारवाल्यास घालण्यापूर्वी घरातील मुलांच्या हाती द्या. त्यांवरील चिठ्ठ्या, दुकानाची पावती, भाड्याच्या हिशेबाची वही हेसुद्धा ठेवा. कारण ९९९९ खेळांची ती खोटी कॅसेट कंपनीच्या कोणत्याही इतिहासात येणार नाही, आणि आपल्या शहराने काय खेळले हे सांगावयास तीच एक साक्षीदार असेल. सावंतवाडीच्या गंजिफेला वेळेवर वाली भेटला, ‘सावकारी पाश’ला भेटला नाही. पुढच्या वस्तूचे काय होणार, हे आपल्या हाती आहे.