दिनविशेष : २६ ऑक्टोबर – थाळनेरचा नातू
पंडित हृदयनाथ मंगेशकर यांचा जन्म आजच्या दिवशी, १९३७ साली, सांगली मुक्कामी झाला. मास्टर दीनानाथांचे सुपुत्र म्हणून ते सर्वविश्रुत असले, तरी त्यांच्या मातोश्री माई या शिरपूर तालुक्यातील, तापीतीरी फारुकी सुलतानांच्या कबरी सांभाळीत असलेल्या थाळनेरच्या लाड घराण्याच्या कन्या होत, याची दखल खानदेशाने तरी अगत्याने घ्यावयास हवी.

पाच वर्षांचे होण्यापूर्वीच पितृछत्र हरपलेल्या या बालकाने पुढे उस्ताद अमीर खाँ यांचे शिष्यत्व पत्करले.

गो. नी. दांडेकरांच्या कादंबरीवरील, जब्बार पटेल दिग्दर्शित आणि हृदयनाथांनी संगीतबद्ध केलेल्या ‘जैत रे जैत’ (१९७७) या चित्रपटात ठाकर आदिवासींच्या समूहकंठातूनच कथा उलगडत जाते. कथानायक नाग्याच्या ढोलाचा घुमारा डोंगरकड्यांवरून परतून आल्याचा भास व्हावा आणि त्या आदिम ठेक्यावर रागसंगीताचा संस्कार लाभलेली चाल सहजगत्या विसावावी, ही किमया माझ्या मते मराठी चित्रसंगीतात अपूर्वच होय. त्यातील गीते जळगावात शिकलेल्या, अजिंठ्याच्या पायथ्याशी पळसखेड्यास शेती करणाऱ्या ना. धों. महानोरांची, आणि नायिका चिंधीची भूमिका शिरपूरच्या पाटील घराण्यातील स्मिताची. म्हणजे त्या ठाकरवाडीत खानदेशाचा वारा तीन दिशांनी शिरला होता. ‘उंबरठा’ (१९८२) या चित्रपटातही स्मिता पाटील आणि हृदयनाथ पुन्हा एकत्र आले.

‘लेकिन’ या हिंदी चित्रपटाच्या संगीतासाठी त्यांना राष्ट्रीय पारितोषिक प्राप्त झाले. २००९ साली ते ‘पद्मश्री’ने विभूषित झाले.