दगडखाणीचा त्रास: रायपूर जिल्ह्यात दाद कुठे मागाल?

सुरुंगांनी घराला तडे जात असतील, क्रशरच्या धुळीने पीक झाकले जात असेल, तर केवळ पंचायतीत तक्रार देऊन थांबू नका. उपद्रव थांबवण्याचा आदेश उपविभागीय दंडाधिकारी (एसडीएम) भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 152 नुसार देऊ शकतात. परवान्याबाबत शंका असल्यास जिल्हा खनिज शाखेकडून खाणपट्टा व पर्यावरण मंजुरीच्या प्रती माहितीच्या अधिकारात मागवा. 2012 च्या दीपक कुमार निकालानुसार पाच हेक्टरांहून लहान खाणपट्ट्यालाही ही मंजुरी लागते. उत्तराची वाट पाहताना मुदत मात्र थांबत नाही. राष्ट्रीय हरित लवादाच्या भोपाळ पीठाकडे वादाचे कारण प्रथम घडल्यापासून सहा महिन्यांत अर्ज करावा लागतो. भरपाईसाठी पाच वर्षे मिळतात. महिला व अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना, उत्पन्न कितीही असो, जिल्हा विधी सेवा प्राधिकरण मोफत वकील देते.