गावाचा पहारा कोण देत होते?

वाचकहो, दिवाळीच्या फराळानंतर रीम बेटावरच्या रस्त्यांवरून मध्यरात्रीही आपण निर्धास्त फिरतो, ते अबू धाबी पोलिसांच्या भरवशावर. त्यांची स्थापना १९५७ सालची. आपल्या पणजोबांच्या गावात मात्र वर्दीतला शिपाई क्वचितच दिसे. मग गाव राखत कोण होते? हे मुलांना सांगायला हवे, कारण आपल्यातल्या अनेक आडनावांचा उगम तिथे आहे.

पेशवाई संपल्यावर माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने १८१९ मध्ये लिहिलेल्या अहवालात ही व्यवस्था नोंदली आहे. वसुलीबरोबर गावचा बंदोबस्तही पाटलाकडे. हाताखाली जागल्या, तो कुठे महार, कुठे रामोशी, कुठे भिल्ल. चोरी झाली की त्याने पावलांचा माग काढायचा. माग शिवेपलीकडे गेला, की पुढची जबाबदारी शेजारच्या गावाची.

कंपनी सरकार आले आणि रामोशांचे जुने हक्क गेले. पुरंदर भागातल्या उमाजी नाईकांनी बंड केले. ३ फेब्रुवारी १८३२ रोजी पुण्यात त्यांना फाशी झाली. ज्यांनी पिढ्यान्‌पिढ्या गावे आणि गड राखले, त्यांचीच नावे पुढे ‘गुन्हेगार जमातीं’च्या यादीत गेली.

१८६७ च्या ग्राम पोलीस कायद्याने पाटलाचे पोलिसी अधिकार ठरवून दिले, तर १८७४ च्या वतन कायद्याने वंशपरंपरागत हक्क. पण पाटलाचे वतन मानाचे होते, महाराचे राबण्याचे. तुकडाभर जमीन आणि बलुते यांच्या बदल्यात सरकारी कामाला रात्री-अपरात्री धावायचे. डॉ. आंबेडकरांनी १९२८ मध्ये मुंबई विधिमंडळात या कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक मांडले. ते तडीस गेले नाही. कनिष्ठ ग्रामवतने रद्द करणारा कायदा १९५८ मध्ये झाला, मुलकी पाटीलकी रद्द करणारा १९६२ मध्ये. १९६७ च्या महाराष्ट्र ग्राम पोलीस कायद्यानंतर पोलीस पाटील जन्माने नव्हे, नेमणुकीने होऊ लागला. आज त्या जागी महिलाही आहेत.

तेव्हा मुलांना पाटीलकीच्या गोष्टी जरूर सांगा. पण त्याच गोष्टीत कंदील घेऊन रात्रभर गस्त घालणारा जागल्याही असू द्या. त्याच्याशिवाय पाटलाचे गाव एक रात्रही सुखाने झोपले नसते.