मूकपटातला शेतकरी आणि गिरणीचा संप

संपावरच्या मूकपटांचा विषय निघाला की लगेच रशियाचं नाव येतं. आयझेनस्टाइनचा ‘स्ट्राइक’, साल 1925. चोरीचा खोटा आळ आलेला कामगार गळफास घेतो, कारखाना बंद पडतो, आणि शेवटी सैन्य संपकऱ्यांना कापून काढतं. पण त्याच 1925 मध्ये आपल्या कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी ‘सावकारी पाश’ काढला, हे आपल्याकडं किती जणांना ठाऊक आहे?

कथा नारायण हरी आपट्यांची. सावकार जमीन घशात घालतो, शेतकरी शहर गाठतो आणि गिरणी कामगार होतो. शेतकऱ्याच्या कामात तरुण व्ही. शांताराम. अंधारी झोपडी आणि बाहेर रडणारं कुत्रं, हा प्रसंग बघणारे पुढं कित्येक वर्षं सांगत राहिले. आपल्याला तो बघता येणार नाही, कारण चित्रपटाची प्रतच उरली नाही. यात संप नाही. पण संप करणारा माणूस गिरणीत येतो कुठून, ते आहे. मला तर तेच जास्त मोलाचं वाटतं.

तीनच वर्षांनी, 1928 च्या एप्रिलपासून ऑक्टोबरपर्यंत, मुंबईत दीड लाखाच्या आसपास गिरणी कामगार संपावर होते. सहा महिने चूल कशी पेटली असेल! डांगे, मिरजकर, गिरणी कामगार युनियन ही नावं घरोघर गेली ती तेव्हा. फिल्म कंपन्या, कॅमेरे सगळं त्याच शहरात. पण 1920 पासून सेन्सॉर बोर्ड बसलेलं, आणि भांडवलदार-मजूर संबंध हा विषयच त्यांच्या आक्षेपांच्या यादीत. मग पैसा घालणारा हात कशाला भाजून घेईल? भीती खोटी नव्हती. बोलपट आल्यावर 1934 मध्ये मोहन भवनानींनी प्रेमचंदांच्या कथेवर ‘मजदूर’ काढला, तर मुंबईत त्याच्यावर बंदी आली.

आपला परभणी जिल्हा तेव्हा निजामाच्या राज्यात. सेन्सॉर मुंबईचा, सावकार मात्र इथंही होताच.

आज गंगाखेड, सोनपेठकडच्या टोळ्या मुकादमाची उचल घेऊन कारखान्यावर जातात. उचल फिटेपर्यंत जोडपं बांधलेलं. तोडणीचा दर वाढवून घ्यायला संघटना ‘कोयता बंद’ पुकारतात, तो संपच की! फक्त हातात उचलीचा पैसा आधीच संपलेला असतो, म्हणून तो लांबवणं गिरणीवाल्यांपेक्षाही अवघड.

तुमच्या घरातलं कोणी कधी कोयता बंदमध्ये होतं का? किती दिवस चालला, उचलीचं काय झालं, गावाच्या नावासह खाली लिहा.