दयेच्या द्वारी आलेली नृत्यरचनाकार : हिल्डे होल्गर

मुंबईतील पहिले सिनेगॉग १७९६ साली मांडवी भागात उभे राहिले. ते बांधणारे समुएल इझिकेल दिवेकर हे बेने इस्रायल समाजाचे. कोकणच्या किनाऱ्यावर तेलाचे घाणे चालविणारा आणि शनिवारी घाणा बंद ठेवणारा म्हणून 'शनिवार तेली' या नावाने ओळखला जाणारा हा समाज मराठी हीच आपली भाषा मानत आला. त्या सिनेगॉगचे हिब्रू नाव 'शार हाराहमीम', म्हणजे दयेचे द्वार. पुढे १८३२ मध्ये डेव्हिड ससून बगदादहून मुंबईत आले आणि त्यांच्यामागून बगदादी ज्यूंची कुटुंबे येऊन स्थिरावली. ज्यू समाजाची तिसरी लाट या बंदरावर आली ती १९३३ नंतर. जर्मनीत हिटलरची सत्ता आल्यावर आपले घर, व्यवसाय व आप्तजन मागे टाकून आलेल्या युरोपीय निर्वासितांची ही लाट होती.

या तिसऱ्या लाटेत आलेले संगीतकार वॉल्टर काउफमान यांचे नाव काहींना परिचित असेल. आकाशवाणीचे प्रसारण सुरू होताना वाजणारी धून त्यांच्या नावावर सांगितली जाते. १९३४ ते १९४६ अशी बारा वर्षे ते मुंबईत होते. परंतु त्याच काळात या शहरात राहून गेलेल्या एका ज्यू स्त्री कलावंताची आठवण आज फारशी कोणी काढत नाही. त्या म्हणजे नृत्यरचनाकार हिल्डे होल्गर. संगीतकार स्वरांची रचना करतो. होल्गर यांनी आयुष्यभर मानवी देहाच्या हालचालींची रचना केली. या रचनेत कोणाला स्थान मिळावे, या प्रश्नाचे त्यांनी दिलेले उत्तर हे त्यांच्या जीवनाचे खरे फलित आहे.

होल्गर यांचा जन्म १८ ऑक्टोबर १९०५ रोजी व्हिएन्ना येथे एका ज्यू कुटुंबात झाला. वडील लहानपणीच निवर्तले. सहाव्या वर्षापासून त्यांना नृत्याची ओढ लागली आणि वयाच्या चौदाव्या वर्षी त्यांना गेरट्रूड बोडेनवीझर या नामवंत शिक्षिकेचे शिष्यत्व लाभले. त्या काळी मध्य युरोपात नृत्याची एक नवी धारा उदयास येत होती. पारंपरिक बॅलेमधील ठरावीक पदन्यास व पायाच्या बोटांवर तोललेली डौलदार नजाकत बाजूस ठेवून नर्तकाने अनवाणी पायांनी, श्वासाच्या लयीत, अंतःकरणातील भावना देहातून प्रकट करावी, असा या धारेचा आग्रह होता. होल्गर यांना ही वाट मानवली. बोडेनवीझर यांच्या नृत्यसंचात त्या प्रमुख नर्तकी झाल्या. १९२३ मध्ये, वयाच्या अठराव्या वर्षी, व्हिएन्नाच्या सुप्रसिद्ध 'सेझेशन' कलादालनात त्यांनी आपला पहिला एकल कार्यक्रम केला आणि १९२६ मध्ये त्याच शहरात स्वतःची नृत्यशाळा उघडली.

त्यांच्या सुरुवातीच्या रचनांपैकी एक आपल्या वाचकांना विशेष जिव्हाळ्याची वाटेल. १९२३ मधील त्या नृत्याचा विषय होता संत सेबॅस्टियनचे हौतात्म्य. त्यामागे देब्युसी या फ्रेंच संगीतकाराची त्याच विषयावरील संगीतकृती होती. प्लेगच्या साथीत ज्याच्या मध्यस्थीची भाविक याचना करीत, तो बाणांनी विद्ध झालेला रोमन सैनिक व्हिएन्नाच्या एका ज्यू तरुणीच्या देहातून साकार झाला. ही घटना किती नाजूक होती हे समजण्यासाठी थोडे मागे जावे लागते. १९११ मध्ये देब्युसीची हीच कृती पॅरिस येथे प्रथम सादर झाली, तेव्हा संताची भूमिका इडा रुबिनस्टाइन या ज्यू नर्तकीने केली होती. एका संताची भूमिका स्त्रीने, आणि त्यातही ज्यू स्त्रीने, करावी हे पॅरिसच्या आर्चबिशपांना रुचले नाही. त्यांनी कॅथॉलिकांना त्या प्रयोगास जाण्याची मनाई केली. ज्यू लोकांविषयीच्या या दृष्टिकोनात अधिकृत बदल घडण्यास २८ ऑक्टोबर १९६५ हा दिवस उजाडावा लागला. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने त्या दिवशी 'नोस्त्रा एताते' हे घोषणापत्र संमत केले आणि ज्यूद्वेषाचा स्पष्ट शब्दांत धिक्कार केला. दरम्यानच्या चोपन्न वर्षांत युरोपात काय घडून गेले, याचा एक पुरावा म्हणजे होल्गर यांच्या कुटुंबाचा इतिहास.

१२ मार्च १९३८ रोजी जर्मन सैन्य ऑस्ट्रियात शिरले. ज्यू कलावंतांना रंगमंच बंद झाला. त्याच वर्षी जुलैमध्ये फ्रान्समधील एव्हियाँ येथे बत्तीस राष्ट्रांचे प्रतिनिधी निर्वासितांच्या प्रश्नावर विचार करण्यास जमले. सहानुभूतीची भाषणे पुष्कळ झाली, पण दारे फारच थोड्यांनी उघडली. होल्गर यांना एका मित्राच्या साहाय्याने हिंदुस्थानात येण्याची संधी मिळाली. येथील कलांविषयी त्यांना पूर्वीपासून आपुलकी होती. १९३९ मध्ये त्या मुंबईस पोहोचल्या. मागे राहिलेली आई, सावत्र वडील, बहीण व इतर अनेक नातलग मात्र नाझींच्या संहारातून वाचले नाहीत. ऑस्ट्रियातील सुमारे पासष्ट हजार ज्यू या संहारात बळी पडले.

मुंबईतील आश्रयही निर्वेध नव्हता. सप्टेंबर १९३९ मध्ये युद्ध सुरू होताच ब्रिटिश सरकारने जर्मन व ऑस्ट्रियन नागरिकांना शत्रुराष्ट्राचे नागरिक ठरविले. हिटलरपासून पळून आलेला आणि हिटलरचा समर्थक यांना एकाच मापाने मोजण्यात आले. अनेकांना अहमदनगरच्या छावणीत नेण्यात आले. पुढे छाननीनंतर बहुतेक ज्यू निर्वासितांची सुटका झाली; या कामी मुंबईतील ज्यूइश रिलीफ असोसिएशनने त्यांची हमी घेण्याचे मोठे कार्य केले.

अशा दिवसांत होल्गर यांना येथे घर मिळाले. १९४० मध्ये डॉ. अर्देशीर कावसजी बोमन-बेहराम या कलाप्रेमी पारशी होमिओपॅथ डॉक्टरांशी त्यांचा विवाह झाला. पुढच्याच वर्षी त्यांनी 'स्कूल ऑफ आर्ट फॉर मॉडर्न मूव्हमेंट' ही नृत्यशाळा मुंबईत काढली. आज विलेपार्ल्यात कनक रेळे यांनी उभारलेल्या नालंदा नृत्यकला महाविद्यालयात मुली नृत्यातील विद्यापीठाची पदवी घेतात आणि त्यात कोणास वावगे वाटत नाही. १९४१ मध्ये मात्र घरंदाज कुटुंबातील मुलीने नाचावे की नाही, हाच वादाचा विषय होता. होल्गर यांच्या शाळेत धर्म, वंश व जात यांचा विचार न करता विद्यार्थी घेतले जात. ज्या स्त्रीला वंशाच्या नावाखाली रंगमंचावरून हाकलले गेले होते, तिने आपल्या शाळेत वंशाचा प्रश्नच उद्भवू दिला नाही.

येथे त्या शिकवीत होत्या, तशाच शिकतही होत्या. भारतीय नृत्यातील हस्तमुद्रांचा त्यांनी अभ्यास केला. रामगोपाल या थोर नर्तकाशी त्यांचा स्नेह जुळला. रशियाहून आलेल्या चित्रकार माग्दा नाखमान यांनी होल्गर यांचे नृत्य आपल्या रेखाटनांत टिपले. युरोपीय नृत्याला बोटे असतात, पण ती बोलत नाहीत. भारतीय नृत्यात ती बोलतात. हा धडा त्यांच्या पुढील रचनांतून दिसत राहिला. १९८३ मध्ये लंडन येथे त्यांनी 'अप्सरा' हे नृत्य बसविले, तेव्हा भारत सोडून त्यांना पस्तीस वर्षे झाली होती.

१९४६ मध्ये कन्या प्रिमावेरा हिचा जन्म झाला. परंतु फाळणीच्या सुमारास उसळलेल्या हिंसाचाराने त्यांचे मन पुन्हा अस्वस्थ झाले. धर्मावरून माणसे मारली जाताना त्यांनी एकदा पाहिले होते. १९४८ मध्ये हे कुटुंब लंडनला गेले. त्यांना आसरा देणाऱ्या या शहराला त्यांना कायमचे ठेवून घेता आले नाही, ही नोंद आपणही प्रांजळपणे करावयास हवी.

१९४९ मध्ये लंडनमध्ये पुत्र दारियस जन्मास आला. त्यास डाउन सिंड्रोम होता. अशा मुलांना त्या काळी सर्रास 'मतिमंद' म्हणत आणि पुष्कळ ठिकाणी संस्थेत ठेवून त्यांचा विसर पाडून घेत. अनेक आईवडिलांना शेजाऱ्यांच्या प्रश्नांचीच अधिक भीती वाटे. आपल्या धर्मग्रामांतील कुटुंबांनाही हे दुःख अपरिचित नाही. होल्गर यांनी मुलाला लपविले नाही. आपल्याजवळ जे होते, तेच त्यांनी त्याला दिले : संगीत, लय आणि हालचाल. दारियसला शिकविता शिकविता त्यांची स्वतःची अशी एक पद्धती तयार झाली, आणि तिचा लाभ त्यांनी त्याच्यासारख्या इतरांनाही दिला.

१९६८ मध्ये लंडनच्या सॅडलर्स वेल्स या विख्यात नाट्यगृहात त्यांची 'टुवर्ड्स द लाइट', म्हणजे 'प्रकाशाकडे', ही रचना सादर झाली. संगीत नॉर्वेच्या ग्रीग यांचे होते. बौद्धिक अपंगत्व असलेल्या तरुणांना व्यावसायिक नर्तकांच्या सोबतीने अशा मोठ्या रंगमंचावर आणणे ही तेव्हा अगदी नवी गोष्ट होती. हे तरुण तेथे कोणाच्या दयेसाठी उभे नव्हते. ते कलावंत म्हणून उभे होते. होल्गर यांचे शिष्य वोल्फगांग श्टांगे यांनी १९८० मध्ये 'अमिची' ही नृत्यसंस्था स्थापून हेच कार्य पुढे नेले. अपंग आणि अव्यंग कलावंत तेथे एकत्र नाचतात. 'अमिची' या इटालियन शब्दाचा अर्थच मुळी 'मित्र' असा आहे.

लंडनच्या कॅम्डेन भागातील एका तळघरातील वर्गात होल्गर वृद्धापकाळापर्यंत शिकवीत राहिल्या. लिंडसे केम्प यांच्यासारखे नामांकित कलावंत त्यांच्या हाताखालून गेले. १९९२ मध्ये त्यांच्या शिष्या लिझ अ‍ॅगिस यांनी व्हिएन्नातील त्यांची चार जुनी नृत्ये पुन्हा रंगमंचावर आणली. त्यांत संत सेबॅस्टियन होता आणि ज्यू आख्यायिकेतील मातीचा मानव 'गोलेम' हाही होता. २२ सप्टेंबर २००१ रोजी, वयाच्या पंचाण्णवाव्या वर्षी, होल्गर यांचे निधन झाले.

नृत्य ही क्षणभंगुर कला आहे. पडदा पडला की रचना संपते. स्वरलिपीसारखी तिची वही सहसा मागे राहत नाही. ती टिकते एका देहातून दुसऱ्या देहात जाऊन. होल्गर यांची कला अशीच व्हिएन्नाहून मुंबईस व मुंबईहून लंडनला गेली, आणि अखेर ज्यांच्या देहाला कोणी सुंदर म्हटले नव्हते अशांच्या देहात वसली. या प्रवासातील नऊ वर्षे आपल्या शहराच्या वाट्याला आली. निर्वासिताला केवळ छप्पर पुरत नाही. त्याच्या हाताला त्याचे स्वतःचे काम मिळावे लागते. मुंबईने होल्गर यांना ते मिळू दिले. दाराशी आलेला माणूस पुढे कोणासाठी दार उघडणार आहे, हे आश्रय देणाऱ्याला त्या वेळी कधीच ठाऊक नसते.